उघडी मनगटं

बाबांचं घड्याळ दिवसाला चार मिनिटं मागे पडायला लागलं, म्हणून एका रविवारी मी ते मामांकडे घेऊन गेले. चिंचवडगावात, मोरया गोसावींच्या समाधी मंदिराकडे जाणाऱ्या रस्त्यालगत, एका जिन्याखाली त्यांचं दुकान आहे. काचेचं एक कपाट, एक टेबल, टेबलावर पांढरा कागद आणि मान वाकवलेला दिवा. १९७४ पासून ते तिथेच बसतात. मी चाकणला वाहनांच्या एका कारखान्यात इंडस्ट्रियल इंजिनिअर आहे. कुठल्या कामाला किती सेकंद लागावेत हे ठरवणं, ही माझी नोकरी. दोघांचंही पोट वेळेवर चालतं, तेव्हा आमचं जमायला हवं. त्या रविवारी जमलं नाही.

घड्याळ एचएमटी जनता. तबकडीवर देवनागरीत नाव. १९७९ मध्ये बाबा नोकरीत कायम झाले, तेव्हाचं. मामांनी मागचं झाकण उघडलं, डोळ्याला भिंग लावलं आणि बराच वेळ काही बोलले नाहीत.

“तेल सुकलंय,” शेवटी म्हणाले. “धुवावं लागेल. मशीन मात्र ठणठणीत आहे. सतरा खडे, सेकंदाला पाच ठोके, तासाला अठरा हजार. इतकी वर्षं चाललंय बघ.”

“सेकंदाला पाचच? आम्ही त्याहून बारीक मोजतो, मामा. टीएमयू म्हणतात. तासाचे एक लाख भाग करायचे, त्यातला एक. तुमच्या एका ठोक्यात आमची साडेपाच मापं बसतात. हात पुढे करणं, नट उचलणं, तो आट्यावर टेकवणं, सगळं त्यात लिहायचं.”

“मग चांगलंच आहे की.”

“चांगलं नाही,” मी म्हणाले, आणि मलाच माझ्या आवाजाचं नवल वाटलं. “मला त्याचा वीट आलाय.”

मामांनी भिंग काढून खाली ठेवलं.

मी सांगत गेले. आठ तासांच्या पाळीतून जेवण आणि चहा वजा केला की समजा ४४० मिनिटं उरतात. पाळीला २२० गाड्या हव्या असतील, तर दर दोन मिनिटांनी एक गाडी पुढे सरकली पाहिजे. त्या दोन मिनिटांना आम्ही टॅक्ट म्हणतो. शब्द जर्मन आहे, त्यांच्या संगीतातल्या ठेक्याचा. लाइनवरच्या प्रत्येकाचं काम त्या ठेक्यात बसवायचं, कुणाकडे सहा सेकंद रिकामे दिसले तर तिथे शेजारचं काम सरकवायचं. कॉलेजात आम्हाला स्टॉपवॉच दिलं होतं, त्यात मिनिटाचे साठ नाही तर शंभर भाग. आता व्हिडिओ काढतो. पण माणसाच्या मागे उभं राहणं चुकत नाही. मी उभी राहिले की त्याचे खांदे वर जातात. मुख्य म्हणजे, नुसती वेळ टिपून भागत नाही, त्याचा वेगही जोखावा लागतो. साधारण माणसाचा साधारण वेग म्हणजे शंभर. समोरचा नव्वदने करतोय की एकशे दहाने, हे मी ठरवायचं. इतक्या बारीक मापाच्या मुळाशी माझी नजर असते, आणि कागदावर मात्र आकडा छापून येतो.

“गेल्या वर्षी माझ्या मोजणीतून एक माणूस कमी झाला,” मी म्हणाले. “कंत्राटी होता. खेडकडचा. तीन स्टेशनांवरचे उरलेले सेकंद एकत्र केले, तर चौथा माणूस लागेना. हिशेब बरोबर होता, मामा. मी तीनदा तपासला.”

मामा लगेच काही म्हणाले नाहीत. चिमट्याने त्यांनी बॅलन्सचं चाक अलगद उचललं, पेट्रोलच्या वाटीत सोडलं.

मी पुढे बोलतच राहिले. म्हटलं, आपल्याकडे वेळ अशी नव्हती. दिवसाच्या साठ घटिका, घटिका चोवीस मिनिटांची. लग्नात तांब्याचं घटिकापात्र पाण्यावर सोडायचे. बुडाशी बारीक भोक, त्यातून पाणी आत शिरायचं, भरलं की पात्र बुडायचं. ते बुडेपर्यंत थांबायचं. पाण्याला कुणी घाई करू शकत नव्हतं. घड्याळ हा शब्दसुद्धा त्या घटिकेतूनच आलाय. आणि आता त्याच शब्दाने आपण माणसाचा गळा आवळतो. हे यंत्र मनगटावर आलं तेव्हाच दावं बांधलं गेलं असं मला वाटतं. एचएमटी असो नाहीतर स्विस.

“तुझे आजोबा काय होते, माहीत आहे ना?” मामांनी विचारलं.

“सालगडी.”

“चाकणजवळच. आज जिथे तुमच्या कंपन्यांची कुंपणं आहेत, तिथे तेव्हा कांद्याची वावरं. पाडव्याला साल ठरायचं, पुढच्या पाडव्याला संपायचं. मधे घटिका नाही, तास नाही. पहाटे बैलांना वैरण टाकण्यापासून रात्री मालकाच्या दारात निजेपर्यंत सगळा वेळ मालकाचा. माझ्या आईला लहानी झाली त्या रात्री ते दुसऱ्याच्या मोटेवर होते. त्यांचा वेळ कुणी मोजला नाही, म्हणून तो त्यांचा राहिला का? अगं, मोजलाच नाही म्हणून तर सगळा गेला.”

मी गप्प.

“आणि घटिकापात्राचं म्हणशील, तर ते मी पाहिलंय. भोक केसभर मोठं पडलं तर घटिका लवकर भरते. म्हणून पात्र पारखून घ्यायचे, आणि ते बुडेपर्यंत एक माणूस डोळ्यात तेल घालून समोर बसवायचे. घटिकेची साठ पळं, पळ चोवीस सेकंदांचं, पळाचीही पुन्हा साठ विपळं. अचूक वेळ आपल्याला परकी होती, असं कोण म्हणतं? मुहूर्ताला पळं मोजली. गड्याच्या कामाला दिवससुद्धा मोजला नाही. ज्याची किंमत वाटली, त्याचंच माप ठेवलं.”

या युक्तिवादाला माझ्याकडे आजही उत्तर नाही. पण त्या दिवशी मी हार मानायला तयार नव्हते, आणि माझ्याकडे मुंबईचं उदाहरण होतं.

मुंबईची स्वतःची वेळ होती. सूर्याप्रमाणे धरलेली, ग्रिनिचच्या चार तास एकावन्न मिनिटं पुढे. १ जानेवारी १९०६ पासून सरकारने साऱ्या देशाला साडेपाच तासांची एक वेळ लावली, म्हणजे मुंबईचं घड्याळ एकोणचाळीस मिनिटांनी पुढे ढकललं. कागदावर काहीच बदललं नाही. गिरणी ज्या वाजता सुरू होत होती, त्याच वाजता सुरू. पण चाळीतून निघणाऱ्याला आता सूर्याच्या मानाने एकोणचाळीस मिनिटं आधी अंथरूण सोडावं लागणार. त्याच जानेवारीत गिरणी कामगारांनी काम टाकलं, दगडही मारले. मुंबई महापालिकेने तर आपली जुनी वेळ पुढे कितीतरी दशकं चालवली.

“बघा,” मी म्हणाले. “घड्याळाचा काटा वरून फिरवला, आणि खाली हजारो माणसांची झोप कापली गेली.”

“काटा कुणी फिरवला?”

“सरकारने. गिरणीवाल्यांनी तो लावून घेतला.”

“मग दोष काट्याचा की फिरवणाऱ्याचा? तू मुंबई काढलीसच, तर बावीस वर्षं अजून मागे जा. नारायण मेघाजी लोखंडे. १८८४.”

मामांना लोखंडे तोंडपाठ आहेत. महात्मा फुल्यांचे सहकारी, ‘दीनबंधु’चे संपादक, गिरणी कामगारांची पहिली संघटना उभारणारे. त्यांनी १८८४ मध्ये परळला कामगारांची सभा घेतली आणि साडेपाच हजार सह्यांचं निवेदन दिलं. रविवारी पूर्ण सुटी. दुपारी अर्ध्या तासाची विश्रांती. पगार पुढच्या महिन्याच्या पंधरा तारखेच्या आत. आणि काम सकाळी साडेसहाला सुरू होऊन सूर्यास्ताला बंद. रविवार मिळायला १० जून १८९० उजाडावा लागला.

“त्या शेवटच्या मागणीकडे नीट बघ,” मामा म्हणाले. “सुरुवात घड्याळाने, शेवट सूर्याने. माझ्या मते त्या माणसांकडे घड्याळं नव्हती. सकाळी मालकाचा भोंगा त्यांना ऐकू यायचा, पण संध्याकाळी मालकाचं घड्याळ खरं सांगतंय की खोटं, हे बघायला त्यांच्याकडे एकच साधन, आकाश. म्हणून त्यांनी सूर्य मागितला. मनगटावर घड्याळ असतं, तर संध्याकाळचे सहा मागितले असते.”

सूर्यास्ताच्या मागणीचा हा अर्थ इतिहासाच्या पुस्तकात असेल-नसेल. गिरण्यांत दिवे नव्हते, उजेड असेतो काम, हेही त्यामागे होतंच. पण पन्नास वर्षं कामगारांची घड्याळं उघडणाऱ्या माणसाला तो तसा दिसला, आणि मला तो पटतो.

मग त्यांनी मला ७७ सालची गोष्ट सांगितली. लहानपणी मी ती ऐकली होती, पण गंमत म्हणून.

तेव्हा पिंपरी-चिंचवड म्हणजे नुसत्या पाळ्या. पिंपरीत हिंदुस्थान अँटिबायोटिक्स पन्नासच्या दशकात आलेली. पुढे एमआयडीसी, आकुर्डीला बजाज, पिंपरीला टेल्को. भोंगा झाला की रस्ता सायकलींनी भरून जायचा. मामांच्या टेबलावर एका वेळी तीस-चाळीस घड्याळं असायची, त्यातली निम्म्याहून जास्त एचएमटी. एका कारखान्यातली माणसं, नाव मामांनी मलाही सांगितलं नाही, आठवडाभर एकामागून एक येत राहिली. तक्रार एकच, घड्याळ मागे पडतंय. मामांनी एक उघडलं, दुसरं उघडलं, दोष सापडेना. रात्री आकाशवाणीच्या बातम्यांआधी वेळेचे ठोके लागत, त्यांवर मामांनी सगळी लावून पाहिली. सगळी अर्ध्या मिनिटाच्या आत बरोबर.

“मग मी विचारलं, मागे पडतंय म्हणजे कशाच्या मागे? तर गेटवरच्या पंचिंगच्या घड्याळाच्या. ते चार मिनिटं पुढे होतं. तीन लेट मार्क झाले की अर्धा दिवस कापायचे. मी अकरा घड्याळं रेडिओवर लावून दिली, आणि सांगितलं, एकट्याने जाऊ नका, अकरा जण मिळून टाइम ऑफिसात जा आणि एका वेळी टेबलावर ठेवा. टाइमकीपर बिचारा बघतच राहिला. दुसऱ्या दिवशी गेटचं घड्याळ बरोबर. एक माणूस गेला असता तर त्याचं घड्याळ चुकलं असतं.”

“अकरा जणांचं चुकत नाही.”

“तुझ्या बाबांनी पहिल्या कायम पगारात दुसरं काही नाही, हेच का घेतलं असेल?”

मला आजवर वाटत होतं की हौस. लग्नात जावयाला घड्याळ, अंगठी, सायकल द्यायचे, तसलीच ती मानाची वस्तू. ती हौस होतीच. पण एचएमटी ही मुळात लेथ बनवणारी कंपनी. १९५३ मध्ये स्वित्झर्लंडच्या ओर्लिकॉनच्या मदतीने बंगळूरला ती उभी राहिली, आणि १९६१ मध्ये जपानच्या सिटिझनच्या साहाय्याने तिने घड्याळं सुरू केली. भोसरीच्या वर्कशॉपमध्ये ज्या लेथवर टर्नर उभा असायचा तिच्यावर एचएमटी, आणि त्याच टर्नरच्या मनगटावरही एचएमटी. कितीतरी वस्तू बाहेरून यायच्या, अशा देशात मिलिमीटरचा शंभरावा भाग धरणारे हात तयार झाले, ते आधी लेथवर आणि मग घड्याळावर. त्याआधीही मुंबईत घड्याळं विकली जात होती. फाव्र ल्युबा, वेस्ट एन्ड ही स्विस नावं शंभर वर्षांहून जुनी. पण ती साहेबाची, रेल्वेच्या अधिकाऱ्याची, सावकाराची. कामगाराच्या हातात आलं ते जनता. त्यासाठी ओळख काढावी लागायची, वाट बघावी लागायची, जशी चेतक स्कूटरसाठी वर्षानुवर्षं बघावी लागायची.

पुढचं सगळ्यांना ठाऊक आहे. टाटा आणि तमिळनाडू सरकारच्या कंपनीने मिळून १९८४ मध्ये टायटन काढली, होसूरला कारखाना झाला, क्वार्ट्झ आलं. सेकंदाला पाच ठोक्यांच्या जागी स्फटिकाची ३२,७६८ स्पंदनं. मामांचं काम सेल बदलण्यापुरतं उरलं. जानेवारी २०१६ मध्ये केंद्रीय मंत्रिमंडळाने एचएमटी वॉचेस बंद करायला मंजुरी दिली. मामा त्यावर कधी हळहळत बसत नाहीत. क्वार्ट्झ खरंच जास्त बरोबर चालतं, असं ते स्वतःच गिऱ्हाइकाला सांगतात.

त्यांनी मशीन धुऊन पुसून पुन्हा जोडायला घेतलं होतं. मी म्हणाले, “मामा, तुमचा मुद्दा कळला. पण एक गोष्ट तुम्हाला माहीत नाही. आमच्याकडे लाइनवर कुणाच्याच हातात घड्याळ नसतं.”

“म्हणजे?”

“चालत नाही. गाडीच्या रंगाला ओरखडा पडतो. घड्याळ, अंगठी, कडं, पट्ट्याचं बक्कल, धातूचं काहीही अंगावर ठेवायचं नाही. सगळं लॉकरमध्ये काढून जायचं. मोबाइलही तिथेच. उन्हाळ्यात सकाळी पाहिलं, तर प्रत्येकाच्या मनगटावर गोरा पट्टा दिसतो, घड्याळाच्या जागेचा.”

चिमटा त्यांच्या हातात तसाच राहिला.

“मग वेळ कशी कळते?”

“वर मोठा बोर्ड असतो. आतापर्यंत किती व्हायला हव्या होत्या, किती झाल्या. ठेका संपत आला की रंग बदलतो.”

“म्हणजे कंपनीचंच घड्याळ.”

“हो.”

“आणि तू सेकंद मोजून जो कागद करतेस, तो त्या माणसाला दाखवतेस?”

“कामाची पद्धत लावलेली असते स्टेशनवर. चित्रांसहित.”

“पद्धत नाही. हिशेब. तू त्याला नव्वद धरलंस की एकशे दहा, पाणी प्यायला, लघवीला, दमायला किती टक्के सोडलेस, ते.”

“नाही दाखवत.”

मामा बराच वेळ बोलले नाहीत. ओरखड्याचं कारण खोटं नाही, हे मी त्यांना सांगितलं. गिऱ्हाइकाला ओरखडा चालत नाही, आणि फिरत्या यंत्रात अंगठी अडकून बोट गेल्याच्या घटनाही होतात. त्यांनी मान हलवली. अंगठीचं त्यांना पटलं.

“मग तू म्हणतेस तेही खरं आहे,” ते म्हणाले. “मी समजत होतो, तुला अचूक वेळेचा त्रास होतोय. तुझा त्रास दुसराच आहे. एकीकडून मोजायचं आणि दुसरीकडून विचारायचं नाही, त्याचा.”

“आणि काय मोजायचं, त्याचाही. मामा, मी टीएमयूने हाताची हालचाल मोजते. पण त्या हाताला चिंचवडहून चाकणला यायला किती वेळ लागतो, ते कुणी मोजत नाही. वीस-बावीस किलोमीटर. भोसरी, मोशी, कुरुळी, आळंदी फाटा, मग चाकणचा चौक. कंटेनर आडवा झाला तर दोन-दोन तास. लाइन सहा सेकंद थांबली की तीन जणांना फोन जातो. मोशीला पाचशे माणसं बसमध्ये तासभर बसून असतात, त्याचा आकडा कुठल्याच कागदावर नसतो. वेळ इतकी मोलाची असेल, तर ती गेटच्या आतच मोलाची का?”

मी खूप मोठ्याने बोलले असावे. शेजारच्या फुलवाल्या मावशींनी वळून पाहिलं.

मामांनी झाकण बसवलं, चावी दिली, घड्याळ कानाला लावलं. मग माझ्या कानाला लावलं. लहानपणी लावायचे तसंच.

“वीट आलाय म्हणून मोजणं सोडू नकोस,” ते म्हणाले. “तुला मोजता येतं, ते तिथे किती जणांना येतं? बसमध्ये तर घड्याळ घालू देतात ना?”

“बसमध्ये देतात.”

“लोखंड्यांकडे सह्या होत्या. माझ्याकडे अकरा घड्याळं होती. तू वही घाल.”

पैसे त्यांनी घेतले नाहीत. भाचीकडून घेत नाहीत, पण ऑइलिंगची तारीख मात्र झाकणाच्या आतल्या बाजूला सुईने कोरून ठेवली होती. तिथे आधीच्या पाच तारखा होत्या, सगळ्या त्यांच्याच हाताच्या.

सोमवारी माझी पहिली पाळी होती. बसमध्ये खिडकीशी बसून लिहिलं: चिंचवड ५.४०, भोसरी ५.५८, मोशी ६.१२, गेट ६.४४. सुटी झाल्यावर परतीचं लिहू लागले: गेट ३.४०, आळंदी फाटा ४.१५, कुरुळी ४.३५. मोशीच्या अलीकडे बस उभी राहिली आणि इंजिन बंद झालं. शेजारी ट्रिम लाइनवरचा एक फिटर बसला होता. त्याच्या मागे मी कितीतरी वेळा उभी राहिलेय. त्याने वहीत डोकावून पाहिलं, काय आहे ते विचारलं, मी सांगितलं. थोडा वेळ तो बाहेर बघत राहिला. मग खिशातून घड्याळ काढून त्याने मनगटावर बांधलं, पट्टा बरोबर त्या गोऱ्या खुणेवर बसवला.

“कुरुळीतून बस सुटली ती चार पस्तीसला नाही, मॅडम,” तो म्हणाला. “चार सदतीसला. मी बघितलं होतं.”

मी पस्तीस खोडून सदतीस केलं.